झटका ‘आला’ की ‘आला म्हणे’? क्रियापदातच साक्ष सांगणाऱ्या भाषांबद्दल विचारायचं आहे

मिरजेची_सिस्टर

नमस्कार. मिरजेत एका दवाखान्यात मी ११ वर्षं स्टाफ नर्स आहे. व्याकरण शाळेत शिकले तेवढंच. पण आजोळ जत तालुक्याच्या पार कडेला, कर्नाटकाला लागून, त्यामुळं कन्नड लहानपणापासून कानावर आहे आणि वॉर्डात रोज लागते. अथणी, रायबाग, विजापूरकडचे पेशंट मिरजेला नेहमीच येतात.

गेल्या महिन्यातली गोष्ट. रात्रपाळी होती. साडेदहाच्या सुमारास कॅज्युअल्टीत १६ वर्षांचा मुलगा आणला. गुंगीत होता, हाक मारली की डोळे उघडायचा आणि परत मिटायचा. बरोबर वडील आणि आत्या. वडील नुकतेच गावाहून परतलेले, त्यांना काहीच सांगता येईना. ड्युटीवरच्या डॉक्टरांना कन्नड येत नाही म्हणून हिस्ट्री मी घेतली. आत्या भराभरा सांगत होती: “संजीमुंद फिट बंतंते. बिद्दनंते. बायाग नोरे बंतंते. हत्तु निमिष इत्तंते.” मी केस पेपरवर मराठीत उतरवलं: संध्याकाळी फिट आली, खाली पडला, तोंडाला फेस आला, १० मिनिटं चालली.

डॉक्टरांनी पेपर वाचला आणि विचारलं, “१० मिनिटं कुणी बघितली? सुरुवात कशानं झाली? मान कुठल्या बाजूला वळली होती?” झटका ५ मिनिटांच्या वर चालला असेल तर तो वेगळ्या गांभीर्यानं घ्यावा लागतो, म्हणून त्यांना वेळ नक्की हवी होती. मी आत्याला विचारलं. ती म्हणाली, “नन्ग गोत्तिल्लरी, ना होलदाग इद्दे.” मला माहीत नाही, मी रानात होते.

बघितलं होतं ते ९ वर्षांच्या धाकट्या बहिणीनं, आणि ती घरी राहिली होती. फोन लावला. पोरगी न अडखळता बोलली: आधी दादा एकटक बघत बसला, मग त्याचा उजवा हात उडायला लागला, मग तो पडला. किती वेळ ते तिला सांगता येईना. शेजारची काकू पळत आली तोवर थांबलं होतं, एवढंच. एका हातापासून सुरुवात झाली हे वाक्य डॉक्टरांनी स्वतःच्या हातानं पेपरवर लिहिलं आणि माझी १० मिनिटं खोडली.

मला कुणी बोललं नाही. पण पहाटे औषधांची ट्रे लावताना ते चार शब्द परत कानात आले. बंतंते. बिद्दनंते. बंतंते. इत्तंते. प्रत्येक क्रियापदाच्या शेपटाला ‘अंते’. ‘बंतु’ म्हणजे आलं, ‘बंतंते’ म्हणजे आलं म्हणे. त्या बाईनं चारही वेळा मला सांगितलं होतं की हे मी ऐकलंय, बघितलेलं नाही. मला कन्नड समजते, तरी मराठीत लिहिताना मी ते चारही वेळा गाळलं.

तेव्हापासून विचार चालू आहे. मराठीत ‘म्हणे’ आहेच. पण तो लावला काय, न लावला काय, वाक्य पुरं होतं. शिवाय ‘म्हणे’ लावला की बोलणाऱ्याचा विश्वास नाही असं वाटतं. “ताप आला म्हणे” असं पेशंटच्या सुनेनं म्हटलं तर सासू तिच्याकडं वळून बघते. म्हणून नातेवाईक डॉक्टरांपुढं ‘म्हणे’ गिळतात आणि सगळं स्वतः बघितल्यासारखं सांगतात.

शाळेत आम्हाला क्रियापद दिलं की काळ, अर्थ, लिंग, वचन, पुरुष ओळखायला लावायचे. “तुला हे कसं कळलं?” हे क्रियापदाला विचारायचं कुणी शिकवलं नाही. जगात अशा भाषा आहेत का, जिथं हे क्रियापदातच सांगावं लागतं, टाळताच येत नाही? आणि आपल्याकडं पूर्वी कधी होतं का? जाणकारांनी सांगावं. मला हे खरंच समजून घ्यायचं आहे.

विट्याचा_गलाईवाला

ताई, मी शिकलेला माणूस नाही, पण तुमचं ‘अंते’ वाचलं आणि लिहावंसं वाटलं. आमच्या खानापूर तालुक्यातली माणसं गलाईच्या धंद्यापायी देशभर पांगलेली आहेत. मी २२ वर्षं तमिळनाडूत सेलमला आहे. सोनं-चांदी आटवायची, टंच (शुद्धता) काढून द्यायचा, हेच काम.

तमिळमध्ये हाच प्रकार आहे, फक्त शेपूट वेगळं. ‘वंदान’ म्हणजे आला. ‘वंदानाम’ म्हणजे आला म्हणे. दुकानात पोरगं बाहेरून पळत येऊन “विलै एरिडुच्चु” म्हणालं तर भाव वाढलाय, त्यानं स्वतः बोर्डावर बघितलाय. “विलै एरिडुच्चाम” म्हणालं तर मी मूस भट्टीतून काढून बाजूला ठेवतो आणि आधी विचारतो, कोण म्हणालं? एका ‘आम’चा फरक, पण त्यावर दिवसाचा सौदा फिरतो. सुरुवातीच्या दोन वर्षांत मला तो ‘आम’ ऐकूच यायचा नाही. त्यात एकदा चांगलंच नुकसान सोसलंय.

माझ्या लेकी इथंच वाढल्या. शेजारची पाट्टी, म्हणजे आजी, त्यांना गोष्ट सांगायची ती अशी सुरू व्हायची: “ओरु ऊर्ल ओरु राजा इरुंदाराम.” एका गावात एक राजा होता म्हणे. शेवटपर्यंत प्रत्येक क्रियापदाला आम, आम, आम. आमची आई गावाकडं “आटपाट नगर होतं, तिथं एक राजा होता” असंच सांगायची, जणू तिथं जाऊन आली होती. तेलुगू माणसं ‘वच्चाडट’ म्हणतात, त्यातला ‘अट’ पण हाच.

आणि एक. तमिळ माणूस ‘आम’ लावतो तेव्हा समोरच्याला खोटं पाडत नाही. ऐकलेलं आहे, एवढंच. त्यामुळं तुमच्या त्या आत्याबाईनं सहज लावलं असणार.

कराडची_भाषावाली

सिस्टर, याला भाषाविज्ञानात स्वतंत्र नाव आहे, साक्ष्यता म्हणू. मी पुण्यात भाषाविज्ञानात एम.ए. करते, घर कराडला.

तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर हो असं आहे, आणि अशा भाषा थोड्याथोडक्या नाहीत. जगातल्या भाषांच्या रचनेचा एक मोठा नकाशासंग्रह २००५ साली निघाला. त्यात या एका गोष्टीसाठी ४१८ भाषा तपासल्या आहेत. १८१ भाषांत साक्ष दाखवणारी व्याकरणिक खूण सापडली नाही, उरलेल्या २३७ भाषांत कुठल्या ना कुठल्या रूपात सापडली. म्हणजे निम्म्याहून जास्त.

कोलंबिया आणि ब्राझीलच्या सीमेवर वाउपेस नदीच्या खोऱ्यात तुयुका नावाची भाषा बोलतात. तिच्यात “तो फुटबॉल खेळला” हे साधं वाक्य पाच प्रकारे होतं, आणि पाचांतला एक निवडल्याशिवाय बोलता येत नाही. मी त्याला खेळताना बघितलं तर ‘अपेवी’. बघितलं नाही पण आवाज ऐकला तर ‘अपेती’. मैदानात त्याच्या बुटांचे ठसे दिसले तर ‘अपेयी’. कुणी सांगितलं तर चौथं रूप. आणि तो रोज या वेळी खेळतोच म्हणून धरून चाललो तर पाचवं. तुमच्या केस पेपरसारखा कागद तुयुकात लिहायचा झाला तर “फिट आली” एवढंच लिहिणं शक्य नाही.

तुमच्या कामाच्या अगदी जवळचं एक उदाहरण आहे, ते वाचताना मी थबकले होते. फ्रान्झ बोआस हे मानववंशशास्त्रज्ञ कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या क्वाक्वाला भाषेवर काम करत. १९११ साली त्यांनी उदाहरणाला वाक्य घेतलं ते “तो माणूस आजारी आहे” हे! ते लिहितात की या भाषेत बोलणाऱ्यानं रोग्याला स्वतः बघितलं नसेल, तर हे ऐकून कळलं, खुणांवरून कळलं की स्वप्नात दिसलं, ते सांगावं लागतं. १९११ म्हणजे मोरो केशव दामले यांचं ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ निघालं तेच वर्ष.

तुर्की मी गेल्या सत्रात शिकले. तिथं दोनच रूपं. ‘गेल्दी’ म्हणजे आला, मला प्रत्यक्ष माहीत आहे. ‘गेल्मिश’ म्हणजे आला म्हणे, किंवा आलेला दिसतोय. सकाळी दार उघडलं, रस्ता ओला दिसला, तर तुर्की माणूस ‘याअमूर याअमिश’ म्हणेल, पाऊस पडून गेलेला दिसतोय. ऐकीव आणि अनुमान दोन्ही एकाच प्रत्ययात. गलाईवाल्या दादांच्या राजासारखं तिथंही आहे: तुर्की परीकथा “बिर वार्मिश, बिर योक्मुश” अशी सुरू होते, एक होता म्हणे, एक नव्हता म्हणे.

भाषाशास्त्रज्ञ रोमान याकोबसन यांनी १९५९ साली म्हटलं होतं की भाषा वेगळ्या ठरतात त्या काय सांगू शकतात यावरून नाही, काय सांगावंच लागतं यावरून. मराठीला ‘आला’ की ‘आली’ हे सांगावंच लागतं, तुर्कीला त्याची गरज नाही, तिथं तो-ती-ते सगळ्याला एकच ‘ओ’. मराठी बोलणाऱ्याचंसुद्धा लिंग विचारते, जातो की जाते. अरबी ‘तू’ आणि ‘तो’ला विचारते, पण ‘मी’ला विचारत नाही. (आपल्याकडं सांगली-कोल्हापूरच्या मुली “मी आलो” म्हणतात. पुण्यात मला त्यावरून किती वेळा अडवलंय. मी बदलणार नाही.) चिनीत तर क्रियापदाला काळच लागत नाही. त्याच संग्रहात भूतकाळासाठी २२२ भाषा तपासल्या, त्यातल्या ८८ भाषांत क्रियापदावर भूतकाळाची खूण नाही.

कृष्णाकाठ

एक शंका. ऐकीव गोष्टीला वेगळं रूप सक्तीचं असेल तर तुर्की बातम्या कशा देतात? वार्ताहरानं सगळं डोळ्यांनी बघितलेलं नसतंच. सगळीकडं ‘मिश’ लावला तर बातमी अफवा वाटेल.

कराडची_भाषावाली

बातम्यांत ‘दी’च वापरतात. खात्री केलेली, जबाबदारी घेतलेली माहिती म्हणून. म्हणजे फक्त डोळ्यांचा प्रश्न नाही, “हे मी माझ्या नावावर सांगतोय का” हासुद्धा प्रश्न त्यात आहे.

वाईचा_संस्कृत_शिक्षक

सिस्टरताई, दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मी देतो. आपल्याकडं होतं. मी ३४ वर्षं संस्कृत शिकवलं, आणि हा भाग शिकवताना मुलं कंटाळत, कारण मी तो पाठ करून घेत असे. तुमचं पत्र तेव्हा हाताशी असतं तर वेगळ्या रीतीनं शिकवला असता.

संस्कृतात भूतकाळाची तीन रूपं आहेत: लुङ्, लङ् आणि लिट्. पाणिनीनं लङ्‌साठी सांगितलं ‘अनद्यतने लङ्’ (३.२.१११), आजच्या दिवसाआधीचं. आणि लिट्‌साठी ‘परोक्षे लिट्’ (३.२.११५). परोक्ष म्हणजे डोळ्यांच्या पलीकडचं. ‘रामो वनं जगाम’ यातलं ‘जगाम’ लिट् आहे. मी बघितलं नाही, पण गेला. पुढच्या कवींनी हे भेद काटेकोर पाळले नाहीत, तिन्ही रूपं सरसकट वापरली, हे खरं. पण सूत्रात साक्षीचा प्रश्न स्वच्छ विचारलेला आहे.

पतंजलीनं महाभाष्यात, म्हणजे पाणिनीवरच्या भाष्यात, यावर जी चर्चा केली ती तुम्ही वाचावी अशी आहे. परोक्ष कशाला म्हणायचं? कुणी म्हणतात १०० वर्षांपूर्वी घडलेलं. कुणी म्हणतात १००० वर्षांपूर्वीचं. कुणी म्हणतात दोन-तीन दिवसांपूर्वीचं. आणि एक मत असं: ‘कुड्यकटान्तरितम्’, भिंतीच्या किंवा चटईच्या आड घडलेलं. काळाचा संबंधच नाही. पलीकडच्या खोलीत आत्ता घडलं तरी ते परोक्ष. तुमच्या वॉर्डात दोन खाटांमधे पडदा असतो ना, त्याच्या पलीकडचं सगळं परोक्ष.

‘कृष्णाकाठ’ यांनी बातमीबद्दल विचारलं. तीच शंका तेव्हाही आली होती. त्यावर वार्तिक, म्हणजे सूत्राला जोडलेली पुरवणी, आहे: घटना स्वतः बघितली नसली तरी लोकांत प्रसिद्ध असेल, आणि बोलणाऱ्याला ती बघता आली असती अशी असेल, तर लिट् नको, लङ् वापरा. उदाहरण दिलं ‘अरुणद् यवनः साकेतम्’, यवनानं (ग्रीकानं) साकेताला (अयोध्येला) वेढा घातला. हा वेढा पतंजलीच्या हयातीत पडला असला पाहिजे, म्हणून त्याचा काळ इ.स. पूर्व दुसरं शतक धरतात, त्यात या एका क्रियापदाचा मोठा वाटा आहे. आपल्याकडचं घ्या. २०१९ च्या ऑगस्टमधे मी वाईत होतो. सांगलीत आयर्विन पुलापाशी चढलेलं पाणी मी बघितलेलं नाही. तरी “सांगलीत पाणी शिरलं” असंच मी म्हणतो, ‘शिरलं म्हणे’ म्हणत नाही. म्हटलं तर ज्यांची घरं गेली त्यांचा तो अपमान होईल. पण त्याच आठवड्यात कुणी “अमुक धरण फुटलं” असं सांगत आलं, तेव्हा मात्र ‘म्हणे’ लावायला हवा होता आणि लोकांनी लावला नाही. रात्रभर माणसं घाबरून बसली.

आता सगळ्यांत अवघड जागा. स्वतःच्या कृतीला लिट् कसा लागेल? मी केलेलं मलाच परोक्ष कसं? काशिका या पाणिनीवरच्या टीकेत उत्तर आहे: चित्त ठिकाणावर नसेल तर लागतो. उदाहरण, ‘सुप्तोऽहं किल विललाप’, मी झोपेत बडबडलो म्हणे. आणि जाग्या माणसाचंसुद्धा घडतं असं महाभाष्य सांगतं. शाकटायन नावाचा वैयाकरण रथाच्या वाटेवर बसलेला होता, समोरून गाड्यांचा तांडा गेला आणि त्याला कळलं नाही. डोळे उघडे होते, तरी ते त्याला परोक्षच.

मराठीत लिट् उरला नाही. आपला भूतकाळ संस्कृतच्या कर्मणी भूतकृदन्तावरून आला. ‘रामेण फलं खादितम्’ या वळणावर ‘रामानं फळ खाल्लं’. म्हणून आपलं क्रियापद फळाचं लिंग विचारतं, साक्षीचं नाही. ती जागा मग ‘म्हणे’, ‘असावा’, ‘दिसतोय’, ‘वाटतं’ यांनी भरून काढली.

कराडची_भाषावाली

सर, ‘विललाप’ वाचून अंगावर काटा आला. तुर्कीतही अगदी हेच आहे. ‘उयुमुशुम’ म्हणजे मला झोप लागली होती, हे मला नंतर कळलं. ‘मी’ला ‘मिश’ लागतो तो अशाच जागी: झोप, गुंगी, बेशुद्धी, लहानपण. दोन्ही भाषांचा एकमेकींशी नात्याचा काही संबंध नाही.

मिरजेची_सिस्टर

सगळ्यांचे मनापासून आभार. सर, तुमचं उत्तर मी छापून घेतलं आणि ड्युटी-रूममधे दोघी जणींना वाचून दाखवलं. पडद्याच्या पलीकडचं परोक्ष, हे आम्हाला लगेच कळलं. शेजारच्या खाटेवर काय झालं ते आम्ही रोज ऐकीव सांगत असतो.

गेले आठ दिवस मी हिस्ट्री घेताना पहिलाच प्रश्न बदललाय. “काय झालं?” च्या आधी “कुणी बघितलं?” विचारते. मराठी नातेवाईकांना आधी राग येतो, आमच्यावर विश्वास नाही का असं वाटतं. मग मी सांगते की तसं नाही, ज्यानं बघितलं त्याच्याशी मला बोलायचंय. कन्नड बोलणाऱ्यांकडून मात्र विचारावंही लागत नाही. नीट ऐकलं की झालं. केस पेपरवर आता मी ऐकीव गोष्टीपुढं कंसात ‘ऐ’ लिहिते. डॉक्टरांनी विचारलं हे काय, सांगितलं, ते म्हणाले चालू दे.

काल तो मुलगा फॉलोअपला आला होता, औषध लागू पडलंय. वडील औषधाच्या रांगेत होते. मी त्याला सहज विचारलं, त्या दिवशी काय झालं रे? तो म्हणाला, “ना बिद्देनंते, सिस्टर.” मी पडलो म्हणे. सर, तुमचं ‘विललाप’ माझ्यासमोर स्टुलावर बसलं होतं. ११ वर्षांत फिटच्या किती पेशंटनी मला हे वाक्य सांगितलं असेल, आणि मी प्रत्येक वेळी ‘पडलो’ एवढंच लिहिलं.

या वेळी बहीण बरोबर आली होती. दोन वेण्या, हातात बिस्किटाचा पुडा. तिलाही विचारलं. ती भावाकडं बघत म्हणाली, “अण्णा बिद्दा. ना नोडिदे.” दादा पडला. मी बघितलं.

तिच्या वाक्यात ‘अंते’ नव्हतं. पेपरवर मी आधी तिचं वाक्य लिहिलं, त्याखाली त्याचं.